पायाचं पाणी

लग्नात जावयाचे पाय परातीत धुतात ना, तेवढा वेळ मी मांडवात थांबत नाही. घरच्यांना आता ठाऊक झालंय. "आजीला चक्कर येते," असं ते पाहुण्यांना सांगून टाकतात. चक्कर कसली डोंबलाची! मला मळमळतं. पितळी परात, परातीत पाणी, पाण्यात माणसाचे पाय आणि भोवती हात जोडून उभी असलेली चांगली शिकलीसवरलेली माणसं. एवढं दिसलं की मी तोंडाला पदर लावते. मागं धाकट्या नातीच्या लग्नात तर मी मांडवामागं जाऊन खरोखरच ओकले. कुणी म्हणालं, बासुंदी बाधली. मी म्हटलं, बाधली असेल.

बासुंदीला मी हातही लावला नव्हता. मला गिरिजा आठवली होती.

गिरिजा सिनेमातली नटी होती असं म्हटलं तर ते खोटं नाही, आणि तसं पाहिलं तर खरंही नाही. तिची सिनेमातली सगळी कारकीर्द म्हणजे एक पाय, एक मढं आणि चार दिवस. एवढ्यावर तिच्या आयुष्याची जी माती झाली ती आमच्या गावानं केली, तिच्या बापानं केली. आणखी कुणी केली ते पुढं येईलच. ते सांगण्यासाठीच तर बसलेय.

तुळजापुरात देवळाकडं उतरणाऱ्या बोळात आमचं बांगड्यांचं दुकान होतं. शेजारी शिवलिंगअप्पाचं नारळ-कुंकवाचं. गिरिजा ही अप्पाची एकुलती एक पोरगी. आई तिच्या लहानपणीच गेलेली. मी तिच्याहून दीड वर्षानं थोरली, म्हणून ती मला शकूअक्का म्हणायची, आणि भांडण झालं की नुसतं शकू. त्या वेळी आमच्याकडं निजामाचं राज्य होतं, सोलापुरात इंग्रजांचं. सोलापूरहून येणाऱ्याला नाक्यावर गाठोडं सोडून दाखवावं लागायचं. तरी यात्रेकरूंची रीघ तिकडूनच असायची.

गिरिजाची एक खोड होती. ती हलायची नाही. दुकानाच्या पायरीवर बसली की तासभर तशीच, पापणीसुद्धा मोजून मिटायची. मी तिच्या नाकासमोर बांगड्या वाजवायची, चिमटे काढायची, बया ढिम्म. आणि दुसरी खोड म्हणजे "चुकलं." चालताना कुणाला तिचा पाय लागला की लगेच वाकून हात लावायची, तो हात कपाळाला न्यायची आणि म्हणायची, "चुकलं हं." पाय लागला तर नमस्कार करावा हे आपल्या सगळ्यांनाच शिकवतात. पण ही बाई मांजराला पाय लागला तरी मांजराची माफी मागायची. उंबऱ्याची मागायची. एकदा शेणाच्या पाटीची मागितली, तेव्हा मी हसून हसून लोळले होते.

ती आठ वर्षांची असताना पुण्याकडची एक सिनेमा कंपनी देवीच्या दर्शनाला आली. तेव्हा सिनेमे मुके असायचे. त्यांना वामनाचं सोंग घ्यायला एक लहान मूल हवं होतं. बळीराजाकडं तीन पावलं जमीन मागणारा आणि तिसरं पाऊल त्याच्याच डोक्यावर ठेवणारा तो बटू वामन. आणलेलं पोर म्हणे यंत्रासमोर उभं केलं की भोकाड पसरायचं. कंपनीच्या मॅनेजरनं पायरीवर दगडासारखी बसलेली गिरिजा पाहिली आणि अप्पाला विचारलं. अप्पाला विचारायला उशीर!

"न्या की साहेब," अप्पा म्हणाला. "अंबाबाईचीच मर्जी."

हे त्याचं पालुपद. नारळ नासका निघाला तरी अंबाबाईची मर्जी. बोलणं तुपासारखं मऊ, पण त्या तुपाला वास यायचा. आठ वर्षांच्या पोरीचं डोकं तासून ह्या माणसानं स्वतःच्या हातानं शेंडी ठेवली. ते लिंगायत, त्यांच्यात पोरीबाळींच्याही गळ्यात लिंग असतं. ते काढून त्यानं रुमालात गुंडाळलं, आपल्या खिशात घातलं, आणि पोरीच्या गळ्यात कंपनीचं जानवं घालू दिलं. शेजारच्या कुणीसं टोकलं तर म्हणाला, "देवाचंच काम हाय की वो."

पाय ठेवण्याची हकीगत मी तिच्याच तोंडून पन्नास वेळा ऐकलीय. बळीराजाचं काम करणारा नट चांगला आडमाप होता. तो गुडघे टेकून खाली वाकायचा, हिनं त्याच्या मुकुटावर पाय ठेवायचा आणि तसंच उभं राहायचं. हिनं पाय ठेवला, आणि ठेवल्या ठेवल्या खाली वाकून त्याच्या डोक्याला हात लावला, हात कपाळाला नेला, म्हणाली, "चुकलं हं, मामा." मॅनेजर ओरडला. पुन्हा घेतलं. पुन्हा पाय, पुन्हा "चुकलं हं, मामा." दुपारपर्यंत हाच खेळ. मॅनेजरनं कपाळ बडवलं, अप्पानं पोरीला दोन थोबाडीत दिल्या. तो बिचारा नट मात्र भला. म्हणाला, "दे गं बाळ, जोरात दे. सकाळपासून डोकं ठणकतंय, तेवढंच बरं वाटेल." तरी हिचं वाकणं काही जाईना. शेवटी एका हाताला छत्री आणि दुसऱ्याला कमंडलू सुतळीनं घट्ट बांधून टाकले. हात लावता येईना, तेव्हा पाय ठेवून झाला.

हे ऐकताना मी हसायची. आता हसू येत नाही.

दुसऱ्या सिनेमात ती राणीचं मेलेलं मूल झाली. ओठावर माशी बसली तरी हलली नाही म्हणून मॅनेजरनं तिला पेढा दिला. तिसऱ्या वेळी सिनेमा बोलायला लागला होता. तिनं तोंड उघडलं आणि "मला लई भ्या वाटतंय" असं आपल्या बोलीत म्हणून टाकलं. चार दिवस तिची जीभ वळवायचा प्रयत्न झाला. पाचव्या दिवशी मॅनेजर अप्पाला म्हणाला, "हिच्या बोलण्याला निजामाच्या मुलखाचा वास येतो. घेऊन जा." झालं. अकराव्या वर्षी नटी रिटायर झाली.

ती परत आली तेव्हा केस बोटभर वाढले होते. तेव्हापासून तिला एक सवय लागली, ती जन्माची. बोलता बोलता हात डोक्यावर न्यायची आणि केस आहेत ना ते चाचपायची. पुढं कमरेपर्यंत वेणी आली तरी चाचपायचीच.

आता तिथंच सगळं संपलं असतं तर काय हवं होतं! पण त्याच साली वामनाचा सिनेमा आमच्या गावात आला. देवळाच्या वरच्या अंगाला माळावर तंबू ठोकला. लोकांनी पायताणं बाहेर काढली. काहींनी तर अंघोळी करून ओलेत्यानंच येऊन बसावं! एक माणूस पेटी वाजवायचा, दुसरा ओरडून गोष्ट सांगायचा. आणि मग तो पाय आला. सबंध पडद्यावर नुसता पाय. पांढरा रंग फासलेला, पाचही बोटं माणसाएवढी. तंबूत एकच कल्लोळ उठला. कुणीतरी तिथल्या तिथं नारळ फोडला. यंत्रवाल्याला दम देऊन तो पाय तीनदा मागं फिरवून दाखवायला लावला. बायका उठल्या आणि पडद्याला हळदकुंकू लावून आल्या. त्यानंतर पडद्यावर जो जो येई, राजा येवो की राणी, त्याच्या पोटावर कुंकवाचे पंजे दिसायला लागले. मी पोटभर हसत होते. शेजारी गिरिजा बसली होती. ती माझ्या कानात म्हणाली, "शकूअक्का, मामांच्या डोक्याला लागलं असंल का गं?"

दुसऱ्या दिवशी सकाळी अप्पाच्या दुकानासमोर बायामाणसं उभी. "पोरीचं दर्शन द्या."

अप्पानं दर्शन दिलं. आठ दिवसांत त्यानं चौरंग आणला, त्यावर गिरिजाला बसवलं, खाली परात ठेवली. स्वामींचे पाय धुवून ते पाणी भक्तीनं घ्यायची रीत त्यांच्यात जुनी आहे. त्या रीतीबद्दल मला काही म्हणायचं नाही. ज्यांची श्रद्धा असते त्यांची असते. पण ह्या माणसानं ती उचलून पोरीच्या पायाला चिकटवली. यात्रेकरू यायचे, तिच्या उजव्या पायावर पाणी घालायचे, ओंजळीत घेऊन प्यायचे, उरलेलं बाटलीत भरून गावी न्यायचे. कुणाला पोर होत नाही, कुणाच्या बैलाला रोग झालाय, कुणाचा तहसिलीत मुकदमा अडकलाय. सगळ्यांना हेच औषध. मऊ आवाजात अप्पा सांगायचा, "हाच तो पाय. बळीला पाताळात घातलेला."

सकाळपासून संध्याकाळपर्यंत पाय पाण्यात. तिच्या बोटांच्या बेचक्यांतून चिखल्या झाल्या. कातडं पांढरं पडून सोललं, पू झाला. मी डोळ्यांनी पाहिलंय. ती दात आवळून बसायची, आणि माणसं ते पाणी मिटक्या मारत प्यायची. मी माझ्या आईला म्हटलं, "अगं, त्यात पू आहे." आई म्हणाली, "गप बस, तोंड सडेल तुझं." तोंड माझं सडणार! मला आजही ते आठवलं की जिभेवर काहीतरी चिकटल्यासारखं वाटतं आणि मी चूळ भरून येते.

तुम्ही म्हणाल, पोरीची मजा होती, आयती देवी झाली. तर ऐका. एका संक्रांतीला तिळगूळ देऊन ती माझ्या आईच्या पाया पडायला वाकली. आई विंचू दिसावा तशी मागं सरली. "नको गं बाई, तू नको. मला पाप लागंल." मग ती माझ्या आत्याकडं वळली, आत्या उठूनच गेली. बोळात जिथं जिथं ती वाकली तिथं तिथं माणसांनी पाय मागं घेतले. वाकलेली पोरगी, पुढं केलेले हात, आणि समोर मोकळी फरशी. हे मी एकदा नाही, वर्षानुवर्षं पाहिलं.

त्या दिवशी ती आमच्या माळवदावर येऊन रडली. म्हणाली, "मला कुणी आशीर्वादच देत न्हाय, शकूअक्का. सगळे मागतेतच."

मी तेव्हा तेरा वर्षांची. मी पाय पुढं केले. म्हटलं, "पड. मी थोरली आहे तुझ्याहून." ती पडली. मी तिच्या पाठीत एक धपाटा घातला आणि म्हटलं, "आठ पोरांची आई हो, आठही शेंबडी." ती इतकी हसली की ठसका लागला. तेव्हापासून सणवार असो, परीक्षा असो, नवं लुगडं असो, ती माझ्याकडं यायची आणि म्हणायची, "पाय दे." मी द्यायची. पुढं माझं लग्न झालं, सासर गावातच होतं, तिथंही ती यायची. सासूबाई नाक मुरडायच्या, पण मी कुणाला भीक घातली नाही. मी एकटीच शहाणी, बाकी सगळं गाव बिनडोक, अशी माझी ऐट होती तेव्हा.

नाही म्हणायला आणखी एकजण होती. कोंडाबाई. आसपासच्या खेड्यातून डोक्यावर भाजीची पाटी घेऊन यायची. शेतकऱ्याची बाई. त्यांचा बळीराजावर जीव. दिवाळीच्या पाडव्याला त्याला ओवाळतात. त्यामुळं कोंडाबाईचा गिरिजावर भलताच राग. बोळात शिरली की ओरडायची, "कुठं हाय ती वामनाची? आमच्या राजाच्या डोस्क्यावर पाय देणारी?" अप्पा तिच्यावर चिडायचा, पण शेपू-मेथी तिच्याकडूनच घ्यायचा. एका पाडव्याला गिरिजा सरळ तिच्यासमोर जाऊन उभी राहिली. म्हणाली, "मावशी, चुकलं. मला हात बांधून पाय ठेवाय लावला."

कोंडाबाईनं तिला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. पाटी खाली ठेवली.

"आसं व्हय? राजाच्या डोस्क्यावर पाय दिलास, तर मग माज्या पायावर डोस्कं ठिव. फिटंल."

गिरिजानं भर बोळात तिच्या भेगाळ पायांवर डोकं ठेवलं. कोंडाबाई हलली नाही. तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाली, "ऊठ. सुखात ऱ्हा. आन् ही मेथीची जुडी ने, पैसं देऊ नगं." गिरिजा ती जुडी छातीशी धरून घरी गेली. अप्पा म्हणाला, पोरगी बाटली. बाटली! ह्या माणसाच्या तोंडात हा शब्द शोभतो का?

मग गिरिजाचं लग्नाचं वय झालं, आणि उलटूनही गेलं. पिच्चरात काम केलेली म्हणून कुणी विचारेना. शेवटी मुरुम गावच्या एका वाण्याचं स्थळ आलं. दुकान होतं, शेती होती, मुलगा सरळ होता. गिरिजाला काय आनंद झाला! मला म्हणाली, "मुरुमात मला कुणी वळखत न्हाय. तिथं सासूच्या रोज पाया पडेन. सकाळी एकदा, दिवेलागणीला एकदा." लग्नाकडून पोरींना साडी हवी असते, डागदागिना हवा असतो. हिला सासूचे पाय हवे होते.

ती मंडळी बघायला आली तेव्हा मदतीला मीच होते. पोरगी पसंत पडली. देण्याघेण्याचं ठरलं, साखर वाटायची तेवढी राहिली. गिरिजा मोठ्यांच्या पाया पडायला निघाली. गप्प बसायला काय झालं होतं अप्पाला? पण नाही. त्याच्या पोटात राहीना. "शेटजी," तो म्हणाला, "साधी पोरगी नेत न्हाय तुमी. वामनावतारातला पाय नेताव."

मुरुमचे शेटजी जागच्या जागी ताठ झाले. म्हणाले, "कोणता? वामनाचं ते लेकरू? तीर्थाचं?"

"तीच की! अंबाबाईची मर्जी."

शेटजींनी चटकन पाय वर घेऊन मांडी घातली. गिरिजा त्यांच्यासमोर वाकलेली होती. तिचे हात तसेच राहिले. शेटजी उठले आणि त्या लग्नाच्या पोरीला लोटांगण घालायला लागले. "माफ करा आई," ते तिला म्हणत होते. "ह्यो पोरगा चौदा वर्षाचा असताना तापानं गेला होता हातचा. तुमच्या पायाचं तीर्थ बाटलीतनं आणून पाजलं म्हणून उठला. तुमाला सून कशी करू म्या? तुमी आमच्या घरची भांडी घासायची? नरकात जागा मिळायची न्हाय." मग त्यांनी पोराला बखोट धरून उठवलं, "पड पाया." तोही पडला, गाढव. ज्या बाईशी पंधरा दिवसांनी लग्न लावायचं, तिच्या पायावर कपाळ टेकलं. गिरिजा त्याला हळूच म्हणाली, "चुकलं हं."

आणि त्याच वेळी स्वयंपाकघराच्या दारात त्याची आई माझ्या कानाला लागून काय म्हणत होती ऐका. "बरं झालं बाई आधी कळलं. पिच्चरातली पोरगी घरात घेऊन लोकांना काय तोंड दाखवायचं?" नवरा बाहेर लोटांगण घालतोय आणि बायको आत नाक मुरडतेय! एकाच घरात, एकाच घटकेला. मला त्या बाईच्या तोंडावर थुंकावंसं वाटलं. थुंकले नाही. चहाच्या कपबशा विसळल्या.

त्या दुपारी गिरिजानं परात उचलली आणि बोळात नेऊन पालथी केली. बापाला म्हणाली, "आजपासून माझा पाय कुणाच्या पाण्यात पडणार न्हाय. मारा न्हाय तर घराबाहेर काढा." मारून झालं, उपाशी ठेवून झालं, ती बधली नाही. तर अप्पानं काय करावं? दुकानातल्या माठातलं पाणी 'गिरिजाचं तीर्थ' म्हणून द्यायला लागला. लोक तेच तितक्याच भक्तीनं प्यायला लागले. कुणाला फरक कळला नाही. कळणार कसा!

ती आणखी तीन-चार वर्षं तशीच राहिली. शिवणकाम करायची, दुपारी माझ्याकडं यायची, माझ्या धाकट्या पोरीला, सुमीला, मांडीवर घेऊन बसायची. मग एकदा सोलापूरच्या दवाखान्यातली एक नर्स देवीला आली. आमच्या दुकानात बांगड्या भरताना गिरिजाशी बोलत बसली. पुढं दोघींची पत्रापत्री झाली आणि गिरिजाला त्या दवाखान्यात नर्सिंग शिकायला जागा मिळाली. ती मला सांगायला धावत आली. धापा टाकत होती. म्हणाली, "शकूअक्का, तिथं आजाऱ्यांना अंघोळ घालावी लागती, पाय धुवावे लागतेत. लोकांचे पाय मी धुणार! मी!" आणि हात डोक्यावर नेऊन केस चाचपले. मी तिला इतकी सुखात कधी पाहिली नव्हती.

जायचा दिवस ठरला. आणि सुमीला ताप आला.

दोन आठवडे उतरेना. वैद्याचा काढा झाला, हकिमाची पुडी झाली. पोरगी चार वर्षांची, डोळे आत गेले, ओठ फुटले, मला ओळखेना. सासूबाई उशाशी बसून एकच घोकत होत्या, "गावातच औषध आहे आणि आईचा अहंकार आडवा येतोय." नवरा नुसता माझ्याकडं बघायचा. मी दोन दिवस ऐकून घेतलं. तिसऱ्या दिवशी दुपारी उठले, चांदीची वाटी घासली, त्यात पाणी घेतलं आणि पदराखाली झाकून अप्पाच्या घरी गेले.

गिरिजा गाठोडं बांधत होती. दुसऱ्या दिवशी सकाळची मोटार होती. मला बघून उठली आणि पहिलं हेच विचारलं, "सुमीचं कसंय?" मी वाटी बाहेर काढली.

तिनं वाटी पाहिली. मग म्हणाली, "शकू, तू?"

"एकदाच गं," मी म्हटलं.

"तिला उद्या माझ्यासंगट सोलापूरला आण. मोटारीत मी मांडीवर घेते. त्या नर्सबाई हायेत तिथं, डॉक्टर हायेत. लगेच दाखवू."

"आणीन. पण आधी हे."

"शकूअक्का, पाणीच हाय हे. तुलाच माहीत हाय ना? तूच सांगत हुतीस की सगळ्यांला."

मला माहीत होतं. माझ्याइतकं त्या गावात कुणालाच माहीत नव्हतं. मी वाटी खाली फरशीवर ठेवली आणि तिच्यासमोर गुडघे टेकून बसले. हात जोडले. तोंडानं काय बोलले ते सांगवत नाही. मी तिला आई म्हटलं.

ती तशीच उभी राहिली, लहानपणी पायरीवर बसायची तशी, पापणी न हलवता. मग लुगडं घोट्यापर्यंत वर धरलं आणि उजव्या पायाचा अंगठा वाटीत बुडवला. पाय बाहेर घेताना वाटी कलली, मी ती धरायला गेले आणि तिचा पाय माझ्या बोटांना लागला. मी वाट बघितली. ती वाकली नाही. "चुकलं" म्हणाली नाही.

ते मी म्हणायचं होतं. मीही म्हटलं नाही. वाटी सांडू नये म्हणून सांभाळत घरी गेले.

दोन चमचे सुमीच्या ओठांतून सोडले. उरलेलं टाकायची छाती झाली नाही. ज्या पाण्यावर मी जन्मभर थुंकले ते मी उभ्या उभ्या पिऊन टाकलं. थेंबसुद्धा ठेवला नाही. वाटी चाटली.

सुमीला सोलापूरला नेलं नाही. सासूबाई म्हणाल्या, आता कशाला? मलाही तसंच वाटलं, हे लपवून काय करू? पाच दिवसांनी ताप उतरला. पुढं एका डॉक्टरनं मला सांगितलं की हा ताप एकविसाव्या दिवशी आपसूकही उतरतो, पोर तग धरून राहिलं तर. मी घरी बोटांवर मोजून पाहिलं. एकविसावाच दिवस होता. पण तोवर सासूबाईंनी गावभर केलं होतं, "आमच्या शकूनंसुद्धा शेवटी तीर्थच घेतलं." अप्पाच्या माठासमोर पुन्हा रांग लागली. माझं नाव घेऊन तो पाणी द्यायला लागला. मी त्या बोळातून खाली मान घालून जायची. कुणाला खोटं म्हणणार?

पण त्याआधी, वाटीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, मी मोटारीच्या थांब्यावर गेले होते. सुमीला सासूबाईंपाशी ठेवून, रस्ताभर पळत. मोटार भरत होती. कोंडाबाई पाटी घेऊन नुकतीच आली होती. गिरिजानं गाठोडं खाली ठेवलं आणि तिच्या पायावर डोकं टेकलं. कोंडाबाईनं तिच्या वेणीवरून हात फिरवला. "जा माय. कुनाला भिऊ नगं."

मग ती माझ्याकडं वळली. मी चपला काढल्या, पाय जुळवले, पुढं केले. नेहमीचा धपाटा घालायला हातही तयार ठेवला. आठ शेंबड्या पोरांचं म्हणणार होते.

ती माझ्यापासून दोन हातांवर थांबली. माझ्या पायांकडं बघितलं, तोंडाकडं बघितलं. हात डोक्यावर नेऊन केस चाचपले.

"पोरीला दवाखान्यात आण," एवढंच म्हणाली, आणि मोटारीत चढली.

मोटार सुरू झाली, माळावरून नाक्याकडं वळली, धूळसुद्धा खाली बसली. कोंडाबाईनं पाटी उचलली आणि जाता जाता मला विचारलं, "काय गं, चपला का काढल्यास?" मी अनवाणी पाय पुढं करून तशीच उभी होते.